गरम झाली की गाडी बंद का पडते?

गाडी सकाळी एका सेल्फमध्ये सुरू होते. गावातून नीट जाते. ऊन चढते, अर्धा-पाऊण तास होतो आणि चालता चालता इंजिन एकदम मरते. सेल्फ मारला तर इंजिन फिरते, पण पेट घेत नाही. गाडी सावलीत लावून चहा पिऊन यावे, तो ती पुन्हा सुरू! जणू काही झालेच नव्हते.

जुन्या पेट्रोल गाडीचे हे दुखणे गॅरेजवाल्यांच्या चांगल्या ओळखीचे आहे. पण ते सहज सापडत नाही. न सापडल्यामुळे गाडीवाल्याचा पैसा कसा जातो, ते आधी पाहू.

समजा, बुटीबोरीच्या एका माणसाकडे जुनी मारुती आठशे आहे. त्याला म्हाताऱ्या आईला आठवड्यातून दोनदा नागपूरला मेडिकलमध्ये न्यावे लागते. वर्धा रोडने येताना जामठ्याजवळ गाडी बंद पडली. आई भर उन्हात रस्त्याच्या कडेला बसून राहिली. कोणाला तरी हात करून, दोर बांधून गाडी गॅरेजपर्यंत ओढत नेली. तेवढ्या वेळात ती गार झाली. मिस्त्रीने किल्ली फिरवली आणि गाडी चालू झाली! मिस्त्री म्हणाला, "प्लग गेले असतील." तिन्ही प्लग बदलले. पुढच्या खेपेला गाडी पुन्हा तिथेच थांबली. मग कॉइल बदलली, मग पेट्रोलचा पंप. कार्बोरेटर खोलून धुतला. चार वेळा पैसे गेले. जो भाग खरोखर बिघडला होता, त्याला कोणी हातही लावला नाही.

असे का झाले? बिघाड होता गरम गाडीत आणि तपासणी झाली गार गाडीची. एवढीच गोष्ट, पण सगळी चूक त्यात आहे.

आता इंजिनात ठिणगी कशी पडते ते समजून घेऊ. बॅटरी असते बारा व्होल्टची. एवढ्याशा जोराने प्लगमध्ये ठिणगी उडत नाही. तिला हजारो व्होल्ट लागतात. ते काम कॉइल करते. कॉइलमध्ये तांब्याच्या तारेचे दोन गुंडाळे असतात. एकात जाड तारेचे थोडे वेढे, दुसऱ्यात बारीक तारेचे पुष्कळ वेढे. जाड तारेतून करंट गेला की आतल्या लोखंडात चुंबकाचा जोर भरतो. तो करंट एकदम तोडला की जोर कोसळतो आणि बारीक तारेत हजारो व्होल्टचा झटका तयार होतो. तो झटका डिस्ट्रिब्युटरमध्ये जातो आणि तिथून पाळीपाळीने एकेका प्लगला मिळतो.

डिस्ट्रिब्युटरला जुने मिस्त्री डेल्को म्हणतात. हा शब्द फार लांबून आला आहे. १९०९ मध्ये अमेरिकेतील डेटन गावी चार्ल्स केटरिंग या इंजिनिअरने व त्याच्या भागीदाराने एक कंपनी काढली. तिच्या इंग्रजी नावातली पहिली अक्षरे जोडून डेल्को शब्द झाला. बॅटरीवर ठिणगी पाडण्याची ही पद्धत केटरिंगने बसवली आणि मोटारीचा सेल्फही त्यानेच १९१२ च्या कॅडिलॅक गाडीत आणला. कंपनीचे नाव वस्तूला चिकटले, आणि आपल्या गॅरेजात ते अजून बोलले जाते.

करंट तोडायचा कोणी? पूर्वी हे काम पॉइंट करत. प्रीमियर पद्मिनी, जुनी ॲम्बेसेडर, पहिल्या मारुती, या गाड्यांच्या डेल्कोत दोन लहान टिकल्या असतात. इंजिन फिरते तशा त्या जुळतात आणि उघडतात. सोबत एक कंडेन्सर असतो. टिकल्या झिजतात, काळ्या पडतात; त्या घासून फट नीट करावी लागते. ते डोळ्यांना दिसते, म्हणून सोपे.

पुढे कार्बोरेटरच्याच, पण नंतरच्या काही गाड्यांत टिकल्या गेल्या. त्या जागी इग्नायटर आला. त्यालाच मॉड्यूल म्हणतात. ही काडेपेटीएवढी किंवा तिच्याहून जरा मोठी डबी असते. डेल्कोत एक पिकअप कॉइल असते. इंजिन फिरले की ती मॉड्यूलला इशारा देते, आणि मॉड्यूल कॉइलचा करंट जोडते-तोडते. हलणारा भाग नाही, झीज नाही. पण डबी बंद असते. आत काय चालले आहे ते दिसत नाही. शिवाय ती बसते तापलेल्या इंजिनाजवळ. आतली बारीक जोडणी वर्षानुवर्षे तापते, फुगते, गार होते, आकसते. शेवटी कुठेतरी केसाएवढी चीर पडते. गार असताना चिरेच्या दोन्ही कडा टेकलेल्या राहतात. तापले की सुटतात.

हे फक्त आपल्याकडेच घडते असे नाही. अमेरिकेत फोर्ड कंपनीने १९८३ पासून लाखो गाड्यांत मॉड्यूल डेल्कोच्या अंगावरच बसवले होते. गाड्या गरम झाल्या की रस्त्यात बंद पडतात, अशा तक्रारी झाल्या. प्रकरण कोर्टात गेले. ऑक्टोबर २००० मध्ये कॅलिफोर्नियातील न्यायाधीशाने सुमारे १७ लाख गाड्या परत बोलावण्याचा हुकूम दिला. कंपनीने दोष कबूल केला नाही. २००१ मध्ये तडजोड झाली. बघा, बंद पडलेली गाडी गार झाल्यावर गॅरेजात नेली की चांगली दिसते. त्या लोकांना आपले म्हणणे पटवायला किती त्रास पडला असेल!

मग बिघाड पकडायचा कसा? गाडी बंद पडेल तेव्हा आणि तिथेच. उस्तादाबरोबर हत्यारांची पिशवी घेऊन आलेला पोरगा विचारतो तसे तुमच्याही मनात येईल.

"उस्ताद, गाडी तं बंद पडून राहिली. आता पहिले काय पाहू जी?"

"पहिले करंट पाहाय. बोनेट उघड. पण पेट्रोल सांडलं असंन तं ठिणगी पाडू नको, बाप्पा. गाडी न्यूट्रलला घे. पंख्यापासून हात दूर."

पिशवीत एक चांगला जुना प्लग ठेवावा. इंजिनावरच्या एका प्लगची वायर काढून ती या जुन्या प्लगला लावावी. प्लगचे लोखंड इंजिनाच्या लोखंडाला घट्ट टेकवावे. हातात धरू नये. वायरीचा चिमटा लावून प्लग पक्का बसवावा आणि हात काढून घ्यावा. या झटक्यात हजारो व्होल्ट असतात, ओला हात तर मुळीच चालणार नाही. मग दुसऱ्याने सेल्फ मारावा. निळी, कडक ठिणगी दिसली तर ठिणगीचे खाते ठीक आहे. दोष पेट्रोलकडे आहे. नागपूरच्या उन्हाळ्यात असेही होते की नळीत पेट्रोलची वाफ होते आणि कार्बोरेटरला पेट्रोल पोचत नाही. तेव्हाही गाडी गरम असता बंद पडते व गार झाली की चालते. म्हणूनच ही पहिली परीक्षा टाळू नये. दोन दुखण्यांचा चेहरा सारखा, औषध वेगळे.

एक मात्र सांभाळा. वायर नुसती उघडी लोंबकळत ठेवून सेल्फ मारू नका. झटक्याला वाट मिळाली नाही तर चांगले मॉड्यूलही जळू शकते.

ठिणगी नाहीच, असे दिसले तर बल्ब काढा. बारा व्होल्टचा लहान बल्ब आणि त्याला दोन वायरी. याहून मोठे यंत्र रस्त्यावर लागत नाही. बल्बची एक वायर इंजिनाच्या लोखंडाला लावा. किल्ली चालू करा. दुसरी वायर कॉइलच्या प्लसला लावा. बल्ब पेटला पाहिजे, आणि सेल्फ मारतानाही पेटलेला राहिला पाहिजे. पेटला नाही तर कॉइल आणि मॉड्यूल दोन्ही निर्दोष. किल्लीचा स्विच, फ्यूज, वायर यांत शोधा.

प्लसला पेटला? मग तीच वायर कॉइलच्या मायनसला लावून सेल्फ मारा. इथेच खरा निकाल लागतो. बल्ब लुकलुकला, तर मॉड्यूल करंट जोडते-तोडते आहे. मग कॉइल, तिची जाड वायर, डेल्कोची टोपी आणि रोटर पाहा. बल्ब एकसारखा पेटून राहिला, तर करंट तोडला-जोडला जात नाही. एकतर मॉड्यूल मेले, नाही तर पिकअपचा इशारा येत नाही. आणि मायनसला बल्ब पेटलाच नाही, तर कॉइलची तार तुटली असेल किंवा मॉड्यूल आतून चिकटून बसले असेल. हे ओळखायला किल्ली बंद करून मायनसवरची मॉड्यूलकडे जाणारी वायर काढा, किल्ली चालू करून कॉइलच्या मायनसला पुन्हा बल्ब लावा. आता पेटला तर कॉइलची ही बाजू चांगली. त्या वायरीकडे किंवा मॉड्यूलकडे बोट जाते.

"उस्ताद, बल्ब एकसारखा जळून राहिला. मॉड्यूलच गेलं ना मंग?"

"थांब की जरा. तुले लई घाई! पिकअप पाहाला का?"

उस्तादाचे म्हणणे बरोबर आहे. पिकअपची बारीक तारही उष्णतेने सुटते. तिचा जोड काढून मीटरने ओहम मोजावे. बरोबर आकडा त्या गाडीच्या पुस्तकात असतो. दुसऱ्या गाडीचा आकडा इथे चालत नाही. मोजताना वायर हलकेच हलवावी. काटा किंवा आकडा उड्या मारू लागला तर वायर आत तुटली आहे. ही मोजणी गरम असतानाच करायची, हे आता सांगायला नको. पिकअप ठीक निघाले आणि मॉड्यूलचा अर्थ व वीजपुरवठाही नीट असला, तरच संशय मॉड्यूलवर पक्का होतो.

रस्त्यावर आणखी एक करता येते. फडके ओले करून, घट्ट पिळून मॉड्यूलवर दोन-चार मिनिटे ठेवा. तेवढ्याने ठिणगी परत आली तर मॉड्यूल मनातले बोलले म्हणायचे. तापलेल्या इंजिनावर पाणी ओतू मात्र नका.

गाडी गॅरेजात गार होऊन आली असेल तर उलट करावे लागते. इंजिन चालू ठेवून केस वाळवायच्या यंत्राची गरम हवा फक्त मॉड्यूलवर सोडावी. आगीची ज्योत दाखवू नये. जवळ पेट्रोल असते. मॉड्यूल तापताच इंजिन मेले, गार होताच चालू झाले, आणि दुसऱ्यांदाही तसेच घडले, तर चोर सापडला. एकदा घडले एवढ्यावर निकाल देऊ नये.

शेवटची खात्री म्हणजे माहीत असलेले चांगले मॉड्यूल लावून पाहणे. ताडून पाहण्याचे हे काम किती मोलाचे आहे, ते नागपूरने एकदा पाहिले आहे. ३० मे २०२४ रोजी रामदासपेठेतील स्वयंचलित हवामान केंद्राने ५६ अंश तापमान दाखवले. देशभर बातमी झाली. पण दुसऱ्या काही केंद्रांवर त्याच दिवशी ४४ अंशांच्या आसपास आकडा होता. हवामान खात्याने तपासून सांगितले, केंद्राचा सेन्सर बिघडला आहे. शेजारचा आकडा ताडायला नसता तर तोच खरा मानला गेला असता.

मॉड्यूल घेताना जुन्यावरचा नंबर वाचून, लिहून दुकानात न्यावा. "मारुतीचं द्या" म्हटले की दुकानदार काहीतरी देतो. खुंट्या सारख्या दिसतात, पण काम वेगळे असते. कॉइलचेही तसेच. पॉइंटच्या गाडीची आणि इग्नायटरच्या गाडीची कॉइल वेगळी असते. कमी ओहमची चुकीची कॉइल बसवली तर मॉड्यूलमधून जास्त करंट वाहतो आणि नवे मॉड्यूलही थोड्याच दिवसांत जाते. मग लोक म्हणतात, माल खोटा निघाला.

बसवण्याची जागा आधी पुसून लख्ख करावी. जिथे कंपनीने सांगितले असेल तिथे मॉड्यूलच्या पाठीला उष्णता वाहून नेणारी पांढरी पेस्ट पातळ लावावी. साधे ग्रीस नाही. या पेस्टमुळे मॉड्यूलची उष्णता खालच्या धातूत उतरते. ती न लावल्यामुळे बिघडलेली मॉड्यूले काही कमी नाहीत. स्क्रू घट्ट करावा, कारण काही गाड्यांत त्याच वाटेने मॉड्यूलला अर्थ मिळतो.

आता गाडी मालकाच्या ताब्यात द्यायची? अजून नाही. सकाळच्या गारव्यात गॅरेजाभोवती एक चक्कर मारून काही कळत नाही. दुपारी बारानंतर, जामठ्याच्या पुढे बुटीबोरीपर्यंत जावे, तिथे इंजिन चालू ठेवून दहा मिनिटे उभे राहावे, मग बंद करून लगेच पुन्हा सुरू करावे, आणि तसेच परत यावे.