राजवाड्यातले मौन

रत्नागिरीत पाहुणे आले की आपण त्यांना थिबा पॅलेस दाखवतो. १८८५ साली इंग्रजांनी ब्रह्मदेशाचा राजा थिबा याला पदच्युत केले व पुढच्या वर्षी राणी आणि मुलींसह येथे आणून ठेवले. वाडा बांधून झाला तो १९१० मध्ये. तेथे बापलेकींचे कसे होते, हे पाहुण्यांना आपण सहसा सांगत नाही.

राजाला चार मुली. त्यांच्या तोलामोलाचा वर येथे कोठून मिळणार? वये वाढत गेली. राजाच्या पदरी नोकरीस असलेल्या गोपाळ सावंत याच्याशी थोरल्या राजकन्येचे संबंध जुळले. तो विवाहित होता. तिला मुलगी झाली, टूटू. दुसरीने आईवडिलांचा विरोध मोडून पसंतीचे लग्न केले. डिसेंबर १९१६ मध्ये राजा वारला. १९१९ मध्ये कुटुंब मायदेशी गेले. थोरली मात्र टूटूला घेऊन परत आली व १९४७ मध्ये येथेच वारली. राजाची ही नात मराठी बोलत, गरिबीत जगली आणि २००० साली गेली.

थिबाला दोष देणे सोपे आहे. आम्हांला तसे करवत नाही. राज्य गेलेल्या माणसाजवळ प्रतिष्ठेशिवाय उरले होते काय?

पवित्र शास्त्रातही एका राजाचे असेच घर आहे (२ शमुवेल १३). दावीदाची कन्या तामार हिच्यावर सावत्र भाऊ अम्नोनने बळजबरी केली. तिचे दुःख राजकन्येच्या प्रेमाहून अगदी वेगळे. पण बाप कसा वागला ते पाहा. सख्खा भाऊ अबशालोम याने तिला गप्प राहायला सांगितले. दावीदाला सारे कळले, तो संतापला. मात्र त्याने लेकीला जवळ बोलावले, तिची विचारपूस केली, असे एकही वाक्य त्या अध्यायात नाही. दोन वर्षे सारे गप्प. मग अबशालोमने अम्नोनचा खून करवला.

अब्रूसाठी आपणही गप्प बसतो. मुलीचे लग्न मोडते, किंवा तिचे मन परधर्मीय मुलावर जडते. संध्याकाळी रोजरीला सगळे एकत्र गुडघे टेकतात, पण बापलेक आठवडाभर एकमेकांशी बोललेले नसतात. गावभर बोभाटा करावा असे आम्ही म्हणत नाही. संत योसेफानेही मरियेची बदनामी होऊ नये म्हणूनच आधी गुपचूप वेगळे व्हायचे ठरवले होते. पुढे देवदूताचे ऐकून त्याने तिला घरी आणले (मत्तय १:१८-२४).

घरात विषय काढणे अवघड वाटत असेल, तर फादरांकडे वेळ मागावा. मात्र मुलीला सोबत नेण्याआधी वडिलांनी तिला विचारावे.