‘सायटाराबिन’ : एका औषधनामाचा अर्थ आणि व्यवहार

अहवालाच्या या पानांवर आम्ही दरवर्षी एखाद्या वैद्यकीय विषयाची ओळख विश्वस्त, देणगीदार आणि रुग्णांचे आप्त यांना करून देत असतो. यंदा त्यासाठी एक शब्द निवडला आहे. नांदेड-लातूर परिसरातील ज्या घरांत रक्ताच्या कर्करोगाने प्रवेश केला, त्यांपैकी अनेक घरांतील फाइलींत हा शब्द आढळतो : सायटाराबिन. कधी त्याच्या जागी ‘अ‍ॅरा-सी’ असे लिहिलेले असते, कधी ‘सायटोसिन अरॅबिनोसाइड’, आणि कुपीवर तर कंपनीने दिलेले चौथेच नाव असते. ‘ही औषधे चार की एक?’ असा प्रश्न नातेवाईक विचारतात. औषध एकच आहे. पण ते एकच आहे हे ठाऊक असणे किंवा नसणे यावर रुग्णाची सुरक्षितता आणि कुटुंबाची पुंजी या दोन्ही गोष्टी अवलंबून असतात. म्हणून या नावाचा थोडा अभ्यास करू.

नावाची फोड

‘सायटाराबिन’ या शब्दात दोन शब्द दडलेले आहेत. पहिला ‘सायटोसिन’. आपल्या पेशींतील डीएनए ज्या चार अक्षरांनी लिहिला जातो, त्यांपैकी हे एक अक्षर. त्याचे हे नाव १८९४ मध्ये रूढ झाले. त्याच्या मुळाशी असलेल्या ग्रीक शब्दाचा अर्थ ‘पोकळ पात्र’ असा असून, शास्त्रज्ञांनी तो ‘पेशी’ या अर्थाने स्वीकारला.

दुसरा शब्द ‘अरॅबिनोज’. ही एक शर्करा आहे आणि तिला हे नाव अरबी डिंकावरून मिळाले. अरबी डिंक हा बाभळीच्या कुळातील झाडांचा. आपल्या शिवारातील बाभळीचे जुने शास्त्रीय नावही ‘अकेशिया अरॅबिका’ असेच होते. म्हणजे मराठवाड्याच्या बांधावर उभ्या असलेल्या झाडाचे नाते या परक्या वाटणाऱ्या शब्दाशी पोहोचते.

येथे एक खुलासा आवश्यक आहे. डिंकातील अरॅबिनोज आणि औषधातील अरॅबिनोज ही एकमेकांची आरशातील प्रतिबिंबे आहेत. डावा आणि उजवा हात जसे सारखे दिसूनही एकमेकांवर तंतोतंत बसत नाहीत, तसे. त्यामुळे डिंकाचे लाडू कितीही पौष्टिक असले, तरी ते या औषधाची जागा घेऊ शकत नाहीत.

नावात न उरलेला समुद्र

या औषधाची कथा समुद्रात सुरू होते, पण त्याच्या नावात समुद्राचा मागमूस नाही. अमेरिकेतील येल विद्यापीठाचे रसायनशास्त्रज्ञ वेर्नर बर्गमन यांनी फ्लोरिडाच्या किनाऱ्यावरील उथळ समुद्रातून ‘क्रिप्टोटेथिया क्रिप्टा’ नावाचा स्पंज अभ्यासासाठी घेतला. स्पंज हा समुद्रतळाशी चिकटून राहणारा, अंगभर छिद्रे असलेला साधा प्राणी. १९५० आणि १९५१ मध्ये बर्गमन आणि त्यांचे सहकारी रॉबर्ट फीनी यांनी त्यातून मिळालेल्या काही अनोळखी संयुगांचे वर्णन प्रसिद्ध केले. स्पंजावरूनच त्यांना ‘स्पॉन्गोथायमिडिन’, ‘स्पॉन्गोयुरिडिन’ अशी नावे मिळाली.

या संयुगांत नवल असे होते की, डीएनए आणि आरएनए यांच्या घटकांत जेथे रायबोज किंवा तिच्या जवळची शर्करा असते, तेथे स्पंजाने अरॅबिनोज बसवली होती. या दोन शर्करांत फरक केवळ एका लहानशा रासायनिक गटाच्या दिशेचा. एकीत तो खाली वळलेला, दुसरीत वर. पुढे १९५९ मध्ये कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बर्कली येथील संशोधकांनी त्याच धर्तीवर सायटोसिन आणि अरॅबिनोज यांची जोडी प्रयोगशाळेत जुळवली. ते सायटाराबिन. १९६९ मध्ये अमेरिकेच्या औषध प्रशासनाने त्यास मान्यता दिली. समुद्री जीवांच्या अभ्यासातून कर्करोगावर जी औषधे हाती आली, त्यांत याचे स्थान पहिल्या ओळीत आहे.

काही शाकाहारी कुटुंबे संकोचाने विचारतात की, हे औषध समुद्री प्राण्यापासून काढतात काय? तसे नाही. स्पंजाने रचना सुचविली; औषध मात्र कारखान्यात रासायनिक पद्धतीनेच तयार होते.

पेशीची फसगत

कर्करोगाची पेशी अखंड विभागत राहते. प्रत्येक विभाजनापूर्वी तिला डीएनएची नवी प्रत तयार करावी लागते. सायटाराबिन हे सायटोसिनच्या नेहमीच्या घटकासारखे दिसत असल्याने पेशी ते आत घेते, त्यावर प्रक्रिया करते आणि डीएनएच्या साखळीत कडीप्रमाणे ओवते. परंतु या कडीचा आकार किंचित वाकडा असल्याने पुढची कडी नीट जुळत नाही. साखळी तेथेच थांबते आणि पेशी मरते.

ही फसगत निरोगी पण वेगाने विभागणाऱ्या पेशींचीही होते. अस्थिमज्जा, तोंडाची आतील त्वचा, आतडे यांना त्याची झळ लागते. तोंड येणे, जुलाब होणे, रक्तपेशी घटणे हे त्रास त्यातून उद्भवतात.

आणखी एक प्रश्न वारंवार येतो : ‘हे सलाईन सात दिवस अहोरात्र का?’ आपल्या यकृतात आणि इतर अवयवांत असे एक विकर आहे, जे सायटाराबिनला अल्पावधीत निष्प्रभ करते. पोटातून घेतल्यास ते फारसे उपयोगीच पडत नाही. म्हणून प्रौढांच्या तीव्र मायलॉइड ल्युकेमियात १९७० च्या दशकापासून ‘सात अधिक तीन’ ही पद्धती रूढ आहे : सात दिवस सायटाराबिनची अखंड धार आणि त्यांपैकी तीन दिवस सोबत दुसरे औषध. म्हणून आप्तांनी सलाईनचा वेग स्वतः कमी-जास्त करू नये. धार थांबली असे दिसताच परिचारिकेस सांगावे.

एक नाव, अनेक मात्रा

हे नाव जितके नीट वाचले जावे तितकेच त्याच्या पुढचे आकडेही वाचले जावेत. नेहमीच्या पद्धतीत शरीराच्या पृष्ठभागाच्या प्रत्येक चौरस मीटरमागे दिवसाला १०० ते २०० मिलिग्रॅम इतकी मात्रा असते. काही टप्प्यांत मात्र दर बारा तासांनी १ ते ३ ग्रॅम प्रति चौरस मीटर दिले जाते. काही रुग्णांत हेच औषध पाठीच्या मणक्यातील द्रवात अल्प मात्रेने सोडतात. त्यासाठी परिरक्षक द्रव्य नसलेलीच तयारी वापरावी लागते. म्हणून चिठ्ठीवर नाव, मात्रा, मार्ग आणि दिवस या चारही गोष्टी सुवाच्य हव्यात.

मोठ्या मात्रेच्या वेळी डोळ्यांत स्टेरॉइडचे थेंब नियमाने घालावे लागतात. लहान मेंदूवर परिणाम होत नाही ना, हेही पाहावे लागते. त्यासाठी परिचारिका प्रत्येक मात्रेपूर्वी रुग्णास चालावयास, बोलावयास आणि कागदावर सही करावयास सांगतात. सहीचे वळण बिघडले, जीभ जड झाली, पाऊल डगमगले, तर पुढची मात्रा रोखून डॉक्टरांना तत्काळ कळविले जाते. रोज सही कशाला, असे वाटून पुष्कळांना हा प्रकार कागदोपत्री सोपस्कार वाटतो; प्रत्यक्षात ती तपासणी आहे.

नावांचे साम्य आणि सावधगिरी

जागतिक आरोग्य संघटना प्रत्येक औषधास एक असे नाव देते, ज्यावर कोणत्याही कंपनीची मालकी नसते. त्या नावांच्या शेवटावरून औषधाचे कुळ कळते. ‘-अराबिन’ हा शेवट अरॅबिनोज असलेल्या कुळाचा. त्यामुळे फ्लुडाराबिन, नेलाराबिन, क्लोफाराबिन, व्हिडाराबिन ही सारी सायटाराबिनची भावंडे आहेत. पण भावंडे म्हणजे एकच व्यक्ती नव्हे. प्रत्येकाचा रोग निराळा, मात्रा निराळी. व्हिडाराबिन तर विषाणूंवरील औषध. दुसऱ्या बाजूला ‘सायक्लोफॉस्फामाइड’ हे पूर्णपणे वेगळे औषध ‘साय’ने सुरू होते. म्हणून नावाचा आरंभ आणि शेवट दोन्ही वाचल्याखेरीज औषध ओळखले असे समजू नये.

संक्षेप टाळावेत हा याच कारणाने आमचा आग्रह आहे. तत्कालीन भारतीय वैद्यक परिषदेने २०१६ मध्ये आपल्या नियमावलीत दुरुस्ती करून औषधांची मूळ नावे सुवाच्य, शक्यतो मोठ्या अक्षरांत लिहावीत, असे डॉक्टरांना सांगितले. कर्करोगाच्या औषधांबाबत हा नियम जितका महत्त्वाचा, तितका क्वचितच अन्यत्र असेल.

आपल्या भागात याला विशेष कारण आहे. येथील रुग्णाची फाइल एका जागी राहत नाही. निदान नांदेडला किंवा लातूरला, पुढील उपचार छत्रपती संभाजीनगरच्या शासकीय कर्करोग रुग्णालयात, बार्शीच्या नर्गिस दत्त रुग्णालयात किंवा १९४१ पासून सेवा देणाऱ्या मुंबईच्या टाटा रुग्णालयात, आणि मधल्या काळातील रक्ततपासण्या पुन्हा गावाजवळ, असा तिचा प्रवास असतो. बार्शीला १९८७ मध्ये देशातील पहिली ग्रामीण कर्करोग नोंदणी सुरू झाली आणि तिच्या क्षेत्रात मराठवाड्यातील परंडा व भूम हे तालुकेही आले, हे येथे आवर्जून नमूद करावेसे वाटते. इतक्या हातांतून फिरणाऱ्या फाइलीत एकच औषध चार नावांनी नोंदले गेले, तर कोणती मात्रा झाली आणि कोणती राहिली हे पुढच्या डॉक्टरांस कसे उमगावे?

आप्तांस विनंती

एका वहीत प्रत्येक फेरीची नोंद ठेवावी : औषधाचे मूळ नाव, मात्रा, कोणत्या मार्गाने दिले, तारीख आणि फेरीचा क्रमांक. कुपीवर कंपनीचे नाव मोठे आणि मूळ नाव लहान अक्षरांत असते. ते लहान नाव वाचावे. सायटाराबिन राष्ट्रीय आवश्यक औषध सूचीत आहे आणि या सूचीतील औषधांच्या किमतीस शासनाने कमाल मर्यादा घातलेली असते. नाव बदलले म्हणून औषध बदलले असे समजून महाग कुपी शोधत फिरू नये. आधी आमच्या औषध विभागात विचारावे. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेची चौकशीही उपचारापूर्वीच करावी. २०१२ मध्ये ही योजना निराळ्या नावाने प्रथम ज्या आठ जिल्ह्यांत सुरू झाली, त्यांत नांदेड होते.

सर्वांत महत्त्वाचे असे की, फेरी संपल्यावर साधारण दोन-तीन आठवडे रुग्णाच्या पांढऱ्या पेशी अत्यल्प असतात. त्या काळात १००.४ अंश फॅरेनहाइट किंवा अधिक ताप आल्यास घरी गोळी देऊन सकाळची वाट पाहू नये. रात्र असो, पाऊस असो, रुग्णास तत्काळ रुग्णालयात आणावे आणि ती वही सोबत आणावी.

देणगीदारांस निवेदन

सायटाराबिनची कुपी हा या उपचाराचा एक भाग झाला. त्यानंतरच्या आठवड्यांत रुग्णास रक्त आणि प्लेटलेट लागतात, आणि प्लेटलेट केवळ पाच दिवस टिकतात. त्या साठवून ठेवता येत नाहीत. दर आठवड्यास नवे दाते पुढे यावे लागतात. जंतुसंसर्गावरील औषधे, स्वच्छ स्वतंत्र खोली, नातेवाइकांचा निवास हाही खर्च असतोच. आपण दिलेली देणगी औषधाच्या पावतीवर जितकी दिसते, त्याहून अधिक या न दिसणाऱ्या जागी कामी येते.

सायटाराबिन हा शब्द यापुढे कोणाच्या फाइलीत दिसला, तर त्यातील पेशी, बाभूळ आणि नावात न उरलेला समुद्र आपणांस ओळखीचे वाटावेत आणि तो शब्द शेजारच्या घरातील चिंतातुर आप्तास आपण समजावून सांगावा, एवढीच या लेखामागील आमची अपेक्षा आहे.