वाचकांचे प्रश्न : अमेरिकेतली एलएलसी, मतदार यादी आणि फोन नेमका कुणाला?

एलएलसीची (मर्यादित जबाबदारीच्या कंपनीची) कागदपत्रे आणि मतदार यादी हे दोन विषय एका सदरात घेण्याचे कारण साधे आहे. अमेरिकेत बहुतेक राज्यांत ही दोन्ही कामे ‘सेक्रेटरी ऑफ स्टेट’ या एकाच कार्यालयाशी जोडलेली असतात. हा राज्याचा अधिकारी. वॉशिंग्टनमध्ये बसणारे याच पदनावाचे परराष्ट्रमंत्री वेगळे. 47 राज्यांत हे पद आहे. अलास्का, हवाई आणि युटा या तीन राज्यांत ते नाही. मात्र पद असलेल्या राज्यांतही कामांची वाटणी सगळीकडे सारखी नाही, आणि वाचकांची अर्धी अधिक डोकेदुखी तिथूनच सुरू होते.

प्रश्न : मी आणि माझ्या मैत्रिणीने फ्रीमाँटला पैठण्या आणि खणाच्या साड्या विकायला एलएलसी काढली. महिन्याभरात एक पत्र आलं. ‘सर्टिफिकेट ऑफ स्टेटस’साठी शंभरेक डॉलर अमुक तारखेच्या आत भरा, असं त्यात आहे. कंपनीचं नाव, नोंदणी क्रमांक, सगळं बरोबर आहे. भरायचे का? खात्याला फोन करून वर्षाला किती कर पडेल ते विचारलं, तर ‘आम्ही सांगू शकत नाही’ म्हणाले.

उत्तर : पैसे भरू नयेत. कॅलिफोर्नियात कंपनीची नोंद झाली की तिचे नाव, पत्ता आणि क्रमांक ‘बिझफाइल’ या सरकारी संकेतस्थळावर कुणालाही फुकट दिसतात. खासगी धंदेवाले रोज नव्या नोंदी उचलतात आणि पत्रे धाडतात. पत्राचा थाट सरकारी असतो: खिडकीचे पाकीट, कोपऱ्यात मोहोरेसारखे चित्र, ठळक टाइपात शेवटची तारीख, खाली फाडून पाठवायची पावती. मात्र हे पत्र सरकारी खात्याचे नाही असा खुलासा छापणे कॅलिफोर्नियाच्या कायद्याने अशा पत्रांना बंधनकारक आहे. पत्र शेवटच्या ओळीपर्यंत वाचले तर तो बहुधा सापडतो.

हेच सर्टिफिकेट खुद्द खात्याकडून 5 डॉलरला मिळते. बँकेने किंवा दुकानाच्या मालकाने मागितले तरच ते काढावे, एरवी त्याचे काही काम नाही.

या दोघींनी खरोखर भरायची गोष्ट वेगळीच आहे. नोंदणीपासून 90 दिवसांत ‘स्टेटमेंट ऑफ इन्फर्मेशन’ द्यावे लागते आणि पुढे दर दोन वर्षांनी. फी 20 डॉलर. चुकले तर दंड 250 डॉलर. कंपनीचा पत्ता, व्यवस्थापकांची नावे आणि कोर्टाचे कागद स्वीकारणारा एजंट एवढीच माहिती त्यात भरायची असते, आणि हे काम घरबसल्या होते. साडी विकायची तर विक्रीकर खात्याचा ‘सेलर्स परमिट’ही लागतो. तो मोफत मिळतो.

फोनवरच्या कर्मचाऱ्याने कराचे उत्तर दिले नाही, यात त्याची टाळाटाळ नव्हती. एलएलसीला वर्षाला किमान 800 डॉलर कर पडतो, कमाई शून्य असली तरी. पण तो वसूल करते ‘फ्रँचाइज टॅक्स बोर्ड’, आणि ते निराळे खाते आहे. सेक्रेटरी ऑफ स्टेटचे कार्यालय कागद नोंदवते. कागद पोचला का, परत का आला, कोणत्या कामाला कोणता फॉर्म, हे ते सांगते. एलएलसी बरी की कॉर्पोरेशन, भागीदारी किती टक्के ठेवावी, यावर ते बोलणार नाही. तो कायद्याचा सल्ला झाला आणि तो देण्याची त्यांना मुभा नसते. फोन करताना कंपनीचा क्रमांक हाताशी ठेवला आणि ‘अमुक तारखेला भरलेला अमुक फॉर्म दाखल झाला का?’ असे नेमके विचारले, तर उत्तर मिळते.

मालकी कुणाची ते केंद्र सरकारला कळवा, नाहीतर मोठा दंड, अशी भीती घालणारी पत्रेही येतात. अमेरिकेत स्थापन झालेल्या कंपन्यांना ही माहिती देण्यातून मार्च 2025 मध्ये वगळण्यात आले आहे. त्या नावाखाली पैसे मागणारे पत्र सरळ रद्दीत टाकावे.

प्रश्न : आम्ही कॅलिफोर्नियातून एडिसनला राहायला आलो. एलएलसीबद्दल विचारायला इथल्या सेक्रेटरी ऑफ स्टेटला फोन केला, तर त्यांनी ट्रेझरीकडे बोट दाखवलं. ही टोलवाटोलवी तर नाही?

उत्तर : नाही, त्यांनी बरोबर पत्ता दिला. न्यू जर्सीत कंपन्यांची नोंदणी ट्रेझरीखालच्या ‘डिव्हिजन ऑफ रेव्हेन्यू अँड एंटरप्राइज सर्व्हिसेस’कडे आहे. नव्या एलएलसीची फी 125 डॉलर, वार्षिक अहवालाची 75 डॉलर. अहवाल कंपनी ज्या महिन्यात स्थापन झाली त्या महिन्याच्या अखेरीस द्यायचा असतो. मतदारांचे काम मात्र सेक्रेटरी ऑफ स्टेटच्याच खात्यात, ‘डिव्हिजन ऑफ इलेक्शन्स’कडे आहे.

इतर राज्यांतही असेच मिश्रण आहे. इलिनॉयमध्ये सेक्रेटरी ऑफ स्टेट कंपन्या नोंदवतात आणि गाडीचे लायसन्सही देतात, पण निवडणुकांसाठी वेगळे मंडळ आहे. ॲरिझोनात उलटे: निवडणुका त्यांच्याकडे, कंपन्या ‘कॉर्पोरेशन कमिशन’कडे. टेक्ससमध्ये दोन्ही कामे एकाच कार्यालयात आहेत. एलएलसी काढायची फी 300 डॉलर. मात्र दर वर्षीची माहिती कंट्रोलरकडे भरायची असते. घर बदलले की पहिल्या दिवशीच नव्या राज्यात कोणते काम कुठे होते ते पाहून घ्यावे.

या वाचकांनी जुन्या एलएलसीकडेही लक्ष द्यावे. माणसे एडिसनला आली तरी कंपनी कॅलिफोर्नियाच्या दप्तरी जिवंत असेल, तर तिथले 800 डॉलर दर वर्षी चालूच राहतात. धंदा गुंडाळायचा असेल तर शेवटचे विवरणपत्र भरून रद्दीकरणाचा फॉर्म द्यावा. त्याला फी नाही. तीच कंपनी न्यू जर्सीत चालवायची असेल, तर इथे ‘फॉरेन’ कंपनी म्हणून नोंद करावी लागते. इथे ‘फॉरेन’ म्हणजे केवळ दुसऱ्या राज्यातली.

प्रश्न : मी पुण्यात राहून सॉफ्टवेअरची कामं करतो. ऑनलाइन सेवेमार्फत डेलावेअरमध्ये एकट्याच्या नावावर एलएलसी काढली आहे. उत्पन्न अजून काहीच नाही. मग काही भरायची गरज आहे का?

उत्तर : आहे, आणि दोन ठिकाणी. डेलावेअरला एलएलसीकडून वार्षिक अहवाल नको असतो. 300 डॉलरचा ठरीव कर हवा असतो. तो 1 जूनपर्यंत डोव्हरच्या ‘डिव्हिजन ऑफ कॉर्पोरेशन्स’कडे भरायचा. उशीर झाला की 200 डॉलर दंड आणि महिन्याला दीड टक्का व्याज. डेलावेअरमधला एजंट दर वर्षी जी फी घेतो ती त्याची स्वतःची. तिच्यात हा कर धरलेला आहे का, हे या वाचकांनी त्याला लेखी विचारावे.

दुसरे ठिकाण जास्त महागात पडणारे आहे. अमेरिकेबाहेरच्या एकट्या मालकाच्या एलएलसीला आयआरएसकडे, म्हणजे अमेरिकेच्या केंद्रीय कर खात्याकडे, 5472 क्रमांकाचा फॉर्म द्यावा लागतो. मालकाने स्वतःच्या खिशातून घातलेले भांडवलही त्यात दाखवायचे व्यवहार ठरतात, त्यामुळे ‘उत्पन्न नाही’ ही सबब चालत नाही. फॉर्म चुकला तर दंड 25,000 डॉलरपासून सुरू होतो. भारतातल्या विवरणपत्रात परदेशी मालमत्तेच्या तक्त्यातही ही एलएलसी दाखवावी लागते. परदेशी गुंतवणुकीचे फेमाचे नियमही लागू होतात, तेव्हा दोन्ही देशांची कामे जाणणारा सीए गाठणे बरे.

प्रश्न : सनीव्हेलला डीएमव्हीत (वाहन खात्यात) लायसन्स काढताना पडद्यावर मतदार नोंदणीचा पर्याय आला. माझ्याकडे ग्रीन कार्ड आहे, मी कर भरतो. नाव घालायला काय हरकत? आणि भारतातलं मत गेलं का?

उत्तर : मोठी हरकत आहे. 1996 च्या कायद्याने केंद्रीय निवडणुकीत नागरिक नसलेल्याने मत देणे गुन्हा आहे. मेरीलँडमधल्या टाकोमा पार्कसारख्या मोजक्या गावांत स्थानिक निवडणुकीपुरती सवलत आहे, सनीव्हेलला ती लागू नाही. त्याहून गंभीर म्हणजे, मतदार होण्यासाठी ‘मी नागरिक आहे’ असे खोटे लिहिले, तर देशाबाहेर काढले जाण्याची वेळ येऊ शकते. नागरिकत्वाच्या एन-400 अर्जात ‘कधी मतदार म्हणून नाव नोंदवले होते का?’ हे स्पष्ट विचारलेले असते.

लायसन्स काढताना मतदार नोंदणीची सोय 1993 च्या ‘मोटर व्होटर’ कायद्याने आली, म्हणून तो पर्याय पडद्यावर येतो. तो आला म्हणजे पात्रता तपासून झाली, असे मुळीच नाही. ऑक्टोबर 2018 मध्ये कॅलिफोर्नियाच्या डीएमव्हीने स्वतःच जाहीर केले की, सुमारे 1,500 जणांची नावे चुकीने मतदार यादीकडे गेली असावीत. त्यांत नागरिक नसलेलेही होते.

या वाचकांनी आधी आपले नाव यादीत आहे का ते सेक्रेटरी ऑफ स्टेटच्या संकेतस्थळावर पाहावे. त्यांच्या मतदार मदतवाहिन्यांत हिंदीचीही सोय आहे, मराठीची नाही. नाव आढळले तर आधी इमिग्रेशनच्या वकिलाशी बोलावे आणि मग काउंटीच्या ‘रजिस्ट्रार ऑफ व्होटर्स’कडे नाव काढण्याचा लेखी अर्ज द्यावा. यादी काउंटी सांभाळते. अर्जाची पोच जपून ठेवावी, एन-400 च्या वेळी ती मागितली जाऊ शकते.

भारतातले मत मात्र गेलेले नाही. ग्रीन कार्ड असले तरी पासपोर्ट भारताचाच असतो. अशा नागरिकाला 6अ क्रमांकाचा अर्ज भरून, पासपोर्टवरच्या भारतातल्या पत्त्याच्या मतदारसंघात नाव घालता येते. टपालाने किंवा ऑनलाइन मत देता येत नाही. मतदानाच्या दिवशी मूळ पासपोर्ट घेऊन केंद्रावर जावे लागते. पुढे अमेरिकेचे नागरिकत्व घेतले की भारताचे आपोआप संपते, ओसीआय कार्डाने मतदानाचा हक्क मिळत नाही आणि गावच्या यादीतले नाव 7 क्रमांकाच्या अर्जाने काढून घ्यावे लागते.