लॉसलेस म्हणजे नक्की काय? एका रॉक अल्बमच्या निमित्ताने

सबमिशनच्या आदल्या रात्री झेरॉक्सची झेरॉक्स काढली की काय होतं, हे हॉस्टेलवर कुणाला सांगायला नको. आधी ग्राफच्या बारीक रेघा जातात, मग आकडेही दिसेनासे होतात. गाण्यांच्या फाईल्सचंही असंच होतं.

उदाहरण म्हणून 'कॉन्ट्राबँड' हा अल्बम घेऊ. व्हेल्व्हेट रिव्हॉल्व्हर हा सुपरग्रुप, म्हणजे आधीच गाजलेल्या मंडळींनी जमवलेला बँड. स्लॅश, डफ मॅकेगन आणि मॅट सोरम हे गन्स अँड रोझेसचे, गायक स्कॉट वायलंड स्टोन टेम्पल पायलट्सचा आणि दुसऱ्या गिटारवर डेव्ह कुशनर. जून २००४ मध्ये आलेला हा अल्बम अमेरिकेत पहिल्या नंबरवर गेला. कॉपी-प्रोटेक्शन असलेल्या सीडीला हा मान पहिल्यांदाच मिळाला. गंमत बघा, त्याच सीडीवर प्लेअरसाठी पूर्ण ऑडिओ होता, आणि कॉम्प्युटरसाठी कॉम्प्रेस करून लॉक केलेल्या डब्ल्यूएमए फाईल्स!

आता थोडं गणित. सीडीत सेकंदाला ४४,१०० सॅम्पल्स, प्रत्येक १६ बिटचं, चॅनल दोन. गुणाकार केला की सेकंदाला १४,११,२०० बिट. म्हणजे चार मिनिटांचं गाणं साधारण ४२ एमबीचं. १२८ केबीपीएसची एमपी३ केली तर तेच चार एमबीच्याही आत बसतं. हे जमतं कसं? मोठ्या आवाजाखाली झाकला जाणारा बारीक आवाज कानाला कळत नाही, म्हणून एमपी३ तो तपशील टाकून देते. टाकलेलं पुन्हा मिळत नाही. झांजांची सळसळ बिघडलेली आधी कळते.

२००१ मध्ये १.० आवृत्ती आलेला फ्लॅक वेगळा चालतो. मागच्या सॅम्पल्सवरून तो पुढच्याचा अंदाज बांधतो आणि चुकलेला फरक तेवढा थोडक्यात लिहून ठेवतो. उलगडलं की बिट न् बिट मूळचा! फाईल बऱ्याचदा निम्म्याच्या आसपास येते. हार्ड रॉकमध्ये डिस्टॉर्शन आणि गोंगाट जास्त, त्यामुळे अंदाज चुकतो आणि बचत कमी होते.

तुम्ही म्हणाल, ३२० केबीपीएसमध्ये आम्हाला फरकच कळत नाही. खरं आहे, बहुतेकांना कळत नाही. आणखी एक, मास्टरिंगमध्येच आवाज चढवून लाटांचे शेंडे कापले असतील, तर फ्लॅक ते कापलेले शेंडेच इमानदारीत जपतो. मेटॅलिकाच्या 'डेथ मॅग्नेटिक'वर २००८ मध्ये याच कारणाने टीका झाली होती.

मग लॉसलेस कशाला? तर पुढच्या कामासाठी. फ्लॅकवरून उद्याच्या कुठल्याही फॉरमॅटची पहिल्या पिढीची प्रत निघते. एमपी३ची फ्लॅक केली तर फक्त साइज वाढते. वायलंड २०१५ मध्ये गेला. तो आवाज पुन्हा रेकॉर्ड होणार नाही. मोबाईलवर खुशाल एमपी३ ऐका, पण हार्ड डिस्कवर मूळ प्रत ठेवा. कॉलेजच्या गॅदरिंगचं रेकॉर्डिंग असलं, तरी हाच नियम.