पराभवाचे निवेदक : १९६२ च्या युद्धावरील तीन गौप्यस्फोटात्मक ग्रंथांचे वाचन

१

मराठी वाचकाच्या स्मरणात १९६२ चे चीनयुद्ध प्रामुख्याने एका वाक्याच्या रूपाने टिकून आहे : हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावून गेला. नोव्हेंबर १९६२ मध्ये यशवंतराव चव्हाण दिल्लीस जाऊन संरक्षणमंत्री झाले, त्या घटनेचे हे लोकमानसातील रूप होय. परंतु मंत्रिपदावर आल्यानंतर काही महिन्यांतच चव्हाणांच्या हाती जो अहवाल पडला, त्याची आठवण या वाक्यासोबत टिकलेली नाही. लेफ्टनंट जनरल हेंडरसन ब्रुक्स आणि ब्रिगेडियर प्रेमिंद्रसिंग भगत यांनी पराभवाच्या लष्करी कारणांची चौकशी करून १९६३ मध्ये तो सादर केला. २ सप्टेंबर १९६३ रोजी चव्हाणांनी लोकसभेत त्यातील निष्कर्षांचा सारांश सांगितला. मूळ अहवाल प्रसिद्ध केल्यास देशाच्या सुरक्षिततेस व सैन्याच्या मनोधैर्यास बाध येईल, या कारणास्तव तो बंद ठेवण्यात आला. २०१० मध्येही तत्कालीन संरक्षणमंत्री ए. के. अँटनी यांनी संसदेत जवळपास हीच भूमिका मांडली.

याचा परिणाम असा झाला की, सुमारे पाच दशके या युद्धाविषयी जिज्ञासू वाचकाच्या हाती होते ते केवळ ग्रंथ. अहवालाने जे काम करावयाचे, ते ग्रंथांनी केले. युद्धशास्त्राचे व राजकारणाचे अभ्यासक या ग्रंथांकडे साधन म्हणून पाहतात. प्रस्तुत लेखाचा हेतू त्यांच्याकडे संहिता म्हणून पाहण्याचा आहे. त्यासाठी तीन ग्रंथ निवडले आहेत : लेफ्टनंट जनरल बी. एम. कौल यांचा ‘द अनटोल्ड स्टोरी’ (१९६७), ब्रिगेडियर जॉन दळवी यांचा ‘हिमालयन ब्लंडर’ (१९६९) आणि नेव्हिल मॅक्सवेल यांचा ‘इंडियाज चायना वॉर’ (१९७०). पहिला लेखक ईशान्येतील आघाडीवरील चौथ्या कोअरचा प्रमुख, दुसरा त्याच्या हाताखालील सातव्या ब्रिगेडचा प्रमुख आणि तिसरा लंडनच्या ‘द टाइम्स’चा दिल्लीतील वार्ताहर. तिघेही गुप्त राहिलेले सत्य उघड करण्याचा दावा करतात. मात्र हे सत्य कोणापासून गुप्त होते व ते उघड करण्याचा अधिकार निवेदकाला कशामुळे प्राप्त झाला, या प्रश्नांची तिघांची उत्तरे भिन्न आहेत.

२

अशा ग्रंथांच्या वाचनाची एक कसोटी मराठी अभ्यासकाला परकी नाही. १८९८ मध्ये वि. का. राजवाडे यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला. १७५० ते १७६१ या काळातील, म्हणजे पानिपतापर्यंतच्या, पत्रांचा तो संग्रह. त्याच्या विस्तृत प्रस्तावनेत राजवाड्यांनी बखरींच्या विश्वसनीयतेवर कठोर प्रहार केला व समकालीन अस्सल पत्रांना श्रेष्ठ प्रमाण मानले. घटना घडत असताना लिहिलेला कागद आणि घटनेचा शेवट ठाऊक झाल्यावर रचलेले निवेदन, यांतील भेद त्यांनी मराठी अभ्यासपरंपरेत दृढ केला.

या भेदाच्या परिभाषेत बोलावयाचे तर १९६२ विषयी दीर्घकाळ आपल्यापाशी बखरीच होत्या. पत्रे सरकारी कपाटात होती. पराभवानंतर लिहिली जाणारी बखर नेहमीच काही अंशी कैफियत असते. ती कोणासमोर मांडली आहे, हे ओळखल्याखेरीज तिचा अर्थ लागत नाही. कौल यांची कैफियत त्यांना दोषी ठरविणाऱ्या लोकमतासमोर आहे. दळवींची मृत सैनिकांच्या वतीने राष्ट्रासमोर आहे. मॅक्सवेल यांची भारतीय बाजूची कथा खरी मानून बसलेल्या जगासमोर आहे. एकाच पराभवाच्या या तीन कैफियती आहेत आणि त्यांचे श्रोते निरनिराळे आहेत.

३

ग्रंथांची शीर्षके या दृष्टीने पाहण्यासारखी आहेत. ‘न सांगितलेली कथा’ हे कौल यांचे शीर्षक निवेदकाला आपोआप प्रतिष्ठा देते. कथा आजवर दाबली गेली, म्हणून आता सांगणारा विश्वासार्ह, असा त्यातील अध्याहृत युक्तिवाद आहे. वास्तविक न सांगितले जाणे हा कथेच्या सत्यतेचा पुरावा नव्हे. शिवाय हा ग्रंथ आत्मचरित्र आहे. आत्मचरित्रात युद्ध हे नायकाच्या आयुष्यातील एक प्रकरण होऊन येते व पराभवाचे रूपांतर नायकावरील अन्यायात होण्याची वाट मोकळी होते.

दळवींच्या शीर्षकामागे गांधीजींची एक प्रसिद्ध कबुली उभी आहे. १९१९ च्या सत्याग्रहात लोकांची पुरेशी तयारी होण्यापूर्वीच कायदेभंगाची हाक दिली, ही आपली हिमालयाएवढी चूक झाली असे गांधीजींनी म्हटले होते. त्या शब्दप्रयोगात चूक करणारा आणि चूक सांगणारा एकच आहे. दळवींनी तो उचलला, तेव्हा रूपकातील हिमालय प्रत्यक्षातला हिमालय झाला आणि चूक राज्यकर्त्यांची झाली. त्यामुळे शीर्षकातच एक नैतिक तुलना सूचित होते : ज्या नेतृत्वाने गांधीजींचा वारसा सांगितला, त्याने त्यांच्यासारखी कबुली मात्र दिली नाही.

मॅक्सवेल यांच्या शीर्षकाचा सारा भार षष्ठी विभक्तीवर आहे. ‘भारताचे चीनयुद्ध’ म्हणताच युद्धाचे कर्तृत्व भारताकडे जाते. नोव्हेंबर १९६१ पासून भारताने अवलंबिलेले, वादग्रस्त प्रदेशात पुढे पुढे चौक्या उभारण्याचे धोरण हेच युद्धाचे कारण होय, हा ग्रंथाचा सिद्धांत मुखपृष्ठावरच सूत्ररूपाने आलेला आहे.

४

तिन्ही निवेदनांची परीक्षा एका दिवसाच्या आधारे करता येते. तवांगच्या पश्चिमेस, भूतानच्या सीमेजवळ, थागला पर्वतरांगेच्या पायथ्याशी नामका चू नावाची नदी आहे. जून १९६२ मध्ये तिच्या काठी धोला चौकी उभारण्यात आली. ८ सप्टेंबरला चिनी सैनिक त्या चौकीजवळ उतरले व त्यांना हुसकावून लावण्याचा निर्णय दिल्लीत झाला. पुरेसे उबदार कपडे, दारूगोळा आणि तोफांचे पाठबळ नसताना सातवी ब्रिगेड नदीकाठी आणली गेली. १० ऑक्टोबरच्या सकाळी नदीपलीकडे त्सेंगजोंग येथे नवव्या पंजाब पलटणीच्या तुकडीवर चिन्यांनी मोठ्या संख्येने हल्ला चढविला. त्या वेळी कौल आणि दळवी दोघेही नदीच्या अलीकडे उपस्थित होते.

दळवींच्या निवेदनात हा क्षण नाट्यपूर्ण आहे. आजवर खालच्या अधिकाऱ्यांचे इशारे दूर सारणाऱ्या सेनापतीला चिन्यांचे सामर्थ्य प्रथमच डोळ्यांनी दिसते. तो हादरतो आणि रणांगणाची जबाबदारी डिव्हिजनच्या प्रमुखावर सोपवून दिल्लीकडे निघतो. कौल यांच्या निवेदनातही निघून जाणे आहेच, परंतु त्याचा अर्थ पालटतो. वस्तुस्थिती ध्यानी आल्यावर ती सर्वोच्च सत्तेसमोर प्रत्यक्ष मांडणे हेच आपले कर्तव्य ठरले, असे त्यांचे म्हणणे. घटना एक, प्रस्थान एक. एका संहितेत ते रणांगण सोडणे ठरते, दुसरीत कर्तव्यनिष्ठा. मॅक्सवेल तेथे नव्हते. त्यांचा निवेदक दोन्ही साक्षी दुरून पाहतो आणि त्यांना दिल्लीतील निर्णयांच्या साखळीत गोवतो. म्हणून त्यांच्या ग्रंथात हा दिवस व्यक्तीचा राहत नाही, धोरणाचा होतो.

यापैकी खरे निवेदन कोणते, या प्रश्नाला येथे एकशब्दी उत्तर नाही. परंतु पुढील दहा दिवसांची वस्तुस्थिती तिघांनाही मान्य आहे. ब्रिगेड नदीकाठून मागे घेतली गेली नाही. कौल आजारी पडून दिल्लीस गेले. २० ऑक्टोबरच्या पहाटे हल्ला झाला आणि काही तासांत ब्रिगेडची वाताहत झाली. २२ ऑक्टोबरला दळवी चिन्यांच्या हाती सापडले व मे १९६३ पर्यंत युद्धबंदी राहिले. त्यांच्या ग्रंथाची कल्पना बंदिवासातच जन्मली. निवेदकांचा वाद प्रस्थानाच्या हेतूविषयी आहे; सैनिक तेथेच ठेवले गेले याविषयी नाही. परस्परविरोधी साक्षींतही जे शिल्लक उरते ते असे असते आणि अभ्यासकाने आधार घ्यावयाचा तो त्याचा.

५

मॅक्सवेल यांचा ग्रंथ वेगळ्या प्रकारचा आहे. त्यांचे बळ कागदपत्रांत आहे. अप्रकाशित सरकारी कागद व लष्करी अहवाल आपणास पाहावयास मिळाले, असे ते सांगतात. पण ज्यांनी ते दाखविले त्यांच्या संरक्षणासाठी त्यांचा नेमका निर्देश करीत नाहीत. त्यामुळे वाचकाची विलक्षण अडचण होते. राजवाड्यांना हवा असलेला अस्सल कागद ग्रंथात आहे, पण तो तपासता येत नाही. २०१४ मध्ये मॅक्सवेल यांनी हेंडरसन ब्रुक्स अहवालाच्या पहिल्या खंडाचा बराचसा भाग स्वतःच जाहीर केला, तेव्हा १९७० च्या ग्रंथामागील एक प्रमुख आधार वाचकांसमोर आला. मधल्या ४४ वर्षांत वाचकाला निवेदकाच्या शब्दावर विसंबावे लागले होते.

दुसरी मर्यादा अधिक मूलगामी आहे. मॅक्सवेल यांना भारताचे अंतर्गत कागद मिळाले. चीनचे तसे कागद मिळाले नाहीत. चीनची बाजू त्यांना प्रामुख्याने जाहीर निवेदने व राजनैतिक पत्रव्यवहार यांवरून उभी करावी लागली. एका घराच्या आतल्या खोल्यांत दिवा लावला आणि दुसऱ्या घराचा केवळ दर्शनी भाग पाहिला, तर पहिल्या घरातील अडगळ साहजिकच अधिक दिसते. भारतातील धोरणाचा गोंधळ, गैरसमज आणि आत्मवंचना यांचे त्यांनी केलेले दर्शन आजही मोलाचे आहे. चीनच्या हेतूंविषयीचे त्यांचे निष्कर्ष मात्र त्याच प्रमाणात पुराव्यावर आधारलेले नाहीत. खुल्या समाजाविषयीचा गौप्यस्फोट बंदिस्त समाजाला अनायासे निर्दोष ठरवू शकतो, हा या वाङ्मयप्रकाराचा अंगभूत धोका होय.

प्रत्यक्ष अहवालाकडे पाहिले तरी राजवाड्यांच्या कसोटीला एक पुरवणी जोडावी लागते. चौकशीचा विषय सैन्याचे प्रशिक्षण, साधनसामग्री, आज्ञापद्धती, शारीरिक क्षमता आणि अधिकाऱ्यांचे नेतृत्व एवढ्यापुरता आखून दिलेला होता. राजकीय नेतृत्वाचे निर्णय तिच्या कक्षेत नव्हते. म्हणजे कागद अस्सल असला तरी काय लिहावयाचे नाही हे अगोदरच ठरलेले होते. बखरकाराला जसा आश्रयदाता असतो, तशी अहवालालाही कार्यकक्षा असते. दोन्हींचे मौन वाचावे लागते.

६

मग अशा ग्रंथांचे मोल कशावरून ठरवावे? किती मोठे गुपित फोडले, ही कसोटी बाजाराची आहे. येथे एक वेगळी कसोटी सुचवावीशी वाटते : निवेदक स्वतःच्या हिताविरुद्ध जाणारे काय सांगतो? स्वतःला अडचणीत आणणारी साक्ष सहसा खोटी रचली जात नाही.

या कसोटीवर कौल यांचा ग्रंथ उणा पडतो. सैन्याच्या साधनसामग्रीतील उणिवा व त्यांविषयी सरकारकडे झालेली मागणी त्यांनी उघड केली, हे उपयुक्त आहे. परंतु तीच माहिती त्यांच्या बचावाचाही आधार आहे. दळवींचा ग्रंथही पक्षपातमुक्त नाही. कौल यांच्याविषयीचा त्यांचा कडवटपणा लपत नाही. तरीही ते दोषाची वाटणी संसद, वृत्तपत्रे, विरोधी पक्ष आणि सामान्य नागरिक यांच्यापर्यंत नेतात आणि स्वतःच्या आज्ञाधारकपणाचा प्रश्न टाळत नाहीत. आपली ब्रिगेड नाशाकडे चालली आहे हे दिसत असताना ब्रिगेडप्रमुखाने आज्ञा कुठवर पाळावी? हल्ल्याच्या आदल्या दिवशी राजीनाम्याची भाषा त्यांनी वरिष्ठांशी केली होती. पण तोवर सैनिक नदीकाठी होतेच. हा प्रश्न ग्रंथात सुटत नाही आणि म्हणूनच ग्रंथ निव्वळ कैफियत न राहता साहित्याच्या जवळ येतो. मॅक्सवेल यांना या कसोटीची झळ लागत नाही, कारण त्यांचे स्वतःचे काहीच पणाला लागलेले नव्हते. त्यांची तटस्थता हा गुणही आहे आणि सवलतही.

तिन्ही ग्रंथांत एक समान उणीव आहे. त्यांत जवान दिसतो, पण बोलत नाही. तो थंडीत कुडकुडतो, लढतो, मरतो. त्याच्याविषयी करुणा व्यक्त होते. निवेदक मात्र अधिकारी किंवा वार्ताहर असतो आणि भाषा इंग्रजी असते. पुढे निरंजन प्रसाद यांचा ‘द फॉल ऑफ तवांग’ (१९८१) आणि डी. के. पलित यांचा ‘वॉर इन हाय हिमालया’ (१९९१) हे ग्रंथ आले. पहिला डिव्हिजनच्या प्रमुखाचा, दुसरा सेना मुख्यालयातील लष्करी कारवाई संचालकाचा. चव्हाणांचे खाजगी सचिव राहिलेले राम प्रधान यांनी ‘डेबॅकल टू रिव्हायव्हल’ (१९९९) या ग्रंथात संरक्षणमंत्री चव्हाणांच्या कारकिर्दीचे मंत्रालयाच्या आतून दर्शन घडविले. या साऱ्यांनी माहितीत भर घातली. निवेदकाचे स्थान मात्र वरचेच राहिले.

७

सारांश, १९६२ विषयीचे गौप्यस्फोटात्मक वाङ्मय हे अहवालाच्या अनुपस्थितीत वाढलेले वाङ्मय आहे. राज्यसंस्थेचे मौन जितके दीर्घ, तितका प्रत्येक निवेदकाचा अधिकार वाढत जातो. कारण त्याला पडताळणारा कागद समोर नसतो. सत्य लपविल्याने केवळ अज्ञान निर्माण होते असे नाही, तर बेजबाबदार निवेदनालाही मोकळे रान मिळते. सह्याद्री व हिमालयाविषयीचे आपले आवडते वाक्यही अशाच रिकाम्या जागेत रुजले आहे. त्यात चव्हाणांचा यथार्थ गौरव आहे, पण हिमालयावर ती वेळ का आली, या प्रश्नाला त्यात जागा नाही.

पदव्युत्तर वर्गात हे ग्रंथ वाचावयाचे तर एकेकटे वाचू नयेत. एकाच दिवसाची दोन निवेदने समोरासमोर ठेवावीत, समान उरणारे वेगळे काढावे आणि प्रत्येक निवेदकाने स्वतःविषयी काय गाळले ते विचारावे. याखेरीज एक काम मराठी विभागांनाच करता येण्यासारखे आहे. साताऱ्यातील अपशिंग्यासारख्या, सैन्यभरतीची दीर्घ परंपरा असलेल्या गावांतून त्या काळातील सैनिकांची पत्रे व आठवणी शोधून त्यांच्याच बोलीत नोंदविता येतील. त्या पिढीतील जे हयात आहेत ते आज ऐंशीच्या पुढे आहेत. अहवाल कपाटात टिकून राहतो. माणसाची साक्ष तशी टिकत नाही.