ट्रॅक्टरच्या डिझेलची गाळणी घरीं कशी बदलावी

पेरणीच्या ऐन दिवसांत ट्रॅक्टर शेताच्या मध्यावर थांबला, म्हणजे मालकाच्या मनांत प्रथम येतें तें हेंच कीं, इंजिनांत कांहीं तरी मोठा बिघाड झाला. मग तालुक्याच्या गांवीं मिस्त्रीला बोलावणें धाडावयाचें, मिस्त्री दुसऱ्या कोणाच्या शेतावर गुंतलेला असावयाचा, आणि तो येईतों जमिनीचा वापसा निघून जावयाचा. मिस्त्री आल्यावर पुष्कळ वेळां आढळतें तें निराळेंच. इंजिन धडधाकट असतें. डिझेल गाळणारी जी गाळणी, जिला आतां सर्व जण फिल्टर असेंच म्हणतात, ती मात्र घाणीनें तुंबलेली असते. ही गाळणी बदलण्यास साधारण तासाभराहून अधिक वेळ लागत नाहीं, व विशेष हत्यारेंही लागत नाहींत. ज्याला नांगराचा फाळ बदलतां येतो त्याला हें काम येण्यास हरकत नसावी. मात्र त्यांतील एकदोन गोष्टी अशा आहेत कीं, त्या समजून न घेतां हात घातला तर चालतें इंजिन आपण होऊन बंद पाडल्यासारखें होतें. मीं स्वतः तसें एकदां केलेलें आहे. ती हकीकत पुढें ओघानें येईल.

डिझेल एवढें बारीक गाळण्याची गरज कां पडते, हें आधीं पाहूं. रुडॉल्फ डिझेल या जर्मन यंत्रशास्त्रज्ञानें १८९७ सालीं ऑग्सबुर्ग येथें जें इंजिन चालवून दाखविलें, त्यांत इंधन दाबलेल्या हवेच्या जोरावर आंत फवारलें जात असे. ती हवा दाबण्यास वेगळें यंत्र जोडावें लागे, व त्यामुळें सगळें प्रकरण अवजड होई. पुढें १९२७ सालीं बॉश कंपनीनें नुसत्या इंधनालाच जबर दाब देणारा लहान पंप मोठ्या प्रमाणावर तयार करण्यास आरंभ केला, आणि मोटारी व ट्रॅक्टर यांत डिझेल इंजिनाचा प्रसार झपाट्यानें होऊं लागला. आपल्या ट्रॅक्टरच्या कुशीला जो ‘डिझेल पंप’ असतो तो याच जातीचा. त्याच्या आंतील दट्ट्या व दट्ट्याची नळी यांमध्यें दोन ते चार मायक्रॉन एवढीच फट ठेवलेली असते. मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग. माणसाचा केस साधारण सत्तर मायक्रॉन जाड असतो, यावरून ती फट किती बारीक असेल याची कल्पना यावी. या दट्ट्याला वंगण म्हणून दुसरें कांहीं नाहीं; आंतून जाणारें डिझेल हेंच त्याचें वंगण. त्या डिझेलांत डोळ्यांना न दिसणारी धूळ असली तरी ती दट्ट्याला ओरखडे पाडते, आणि पाणी असलें तर गंज धरतो. पंप एकदां झिजला म्हणजे तो घरीं दुरुस्त होण्यासारखा नाहीं. गाळणीची किंमत व पंपाच्या दुरुस्तीची किंमत यांची तुलना ज्यानें एकदां पैसे मोजून केली आहे, त्याला अधिक सांगणें नको.

टाकीपासून इंजिनापर्यंतचा डिझेलचा मार्ग साधारणपणें असा असतो. टाकीच्या तळाशीं कॉक. तेथून नळीनें डिझेल ओढून घेणारा लहान पंप, ज्याला हातानें चालविण्याची कळ असते. मग पहिली गाळणी. मग दुसरी गाळणी. मग डिझेल पंप. आणि तेथून पोलादी नळ्यांनीं नोझलपर्यंत. पहिली गाळणी जाडी, दुसरी बारीक. दोहोंची अदलाबदल करूं नये. पहिली कांहीं ट्रॅक्टरांत नमद्याची किंवा कापडाची असते, ती स्वच्छ डिझेलांत धुऊन पुन्हां वापरतां येते. कागदाची गाळणी मात्र कधींही धुऊं नये. धुतलेला कागद वरून स्वच्छ दिसतो, पण त्याचीं भोकें फाकलेलीं असतात व कित्येक ठिकाणीं तो उसवलेलाही असतो. किती तासांनीं बदलावी हें ट्रॅक्टरबरोबर मिळालेल्या पुस्तिकेंत दिलेलें असतें. ज्याच्याकडे डिझेल पिंपांत सांठवून ठेवलें जातें त्यानें तो आंकडा जास्तींत जास्त समजावा व त्याच्या अलीकडेच गाळणी बदलावी.

गाळणी तुंबल्याची खूण ओळखणें कठीण नाहीं. मोकळ्या रस्त्यावर ट्रॅक्टर बरा चालतो, पण नांगर जमिनींत उतरला कीं दम टाकतो. क्षणभर थांबविलें कीं पुन्हां उचल घेतो, आणि पुन्हां बसतो. धूर काळा येत नाहीं. काळा धूर येऊन शक्ति कमी झाली असेल तर प्रथम डिझेलच्या नव्हे, हवेच्या गाळणीकडे पाहावें. तेथें हवा कमी पडते, येथें डिझेल कमी पडतें.

आतां कृति. काम सावलींत, वारा नसेल तेथें व इंजिन थंड असतांना करावें. विडीकाडी व दिवा दूर ठेवावा. पहिली गोष्ट, जी बहुतेक लोक टाळतात, ती म्हणजे गाळणीच्या बाहेरचें सर्व अंग ब्रश व डिझेल यांनीं धुऊन कोरडें पुसणें. बाहेर मळीचा थर तसाच ठेवून वाटी सोडली, तर जी घाण वर्षभर बाहेर होती ती आपण आपल्या हातानें आंत लोटतो. पुसण्यास सुताचा गुंडा किंवा गोधडीची चिंधी घेऊं नये, त्यांचे तंतु सुटतात. धुवट धोतराचा तुकडा उत्तम. नंतर टाकीचा कॉक बंद करावा, खालीं परात ठेवावी, वाटीच्या तळाचा स्क्रू सोडून आंतील डिझेल काढून घ्यावें व तें कांचेच्या भांड्यांत थोडा वेळ ठेवून पाहावें. डिझेल पाण्याहून हलकें असल्यामुळें पाणी असेल तर तें खालीं वेगळें दिसेल. तें दिसल्यास टाकीचाही तळ काढल्याशिवाय नवी गाळणी बसवूं नये.

मग मधला लांब बोल्ट सोडावा व वाटी दुसऱ्या हातानें धरून खालीं उतरवावी. आंतील गाळणी, स्प्रिंग, वायसर व रबरी कड्या ज्या क्रमानें निघतील त्याच क्रमानें एका स्वच्छ कापडावर ओळीनें मांडाव्या. महसुलाच्या दप्तरांत कागद ज्या क्रमानें सोडला त्याच क्रमानें परत बांधावा, अशी शिस्त होती. यंत्राच्या कामांत ती त्याहून अधिक उपयोगीं पडते. वाटी स्वच्छ डिझेलानें धुवावी, रॉकेल चालेल, पाणी किंवा साबण मुळींच नको. नव्या गाळणीबरोबर नव्या रबरी कड्या मिळतात. जुन्या कड्या दिसण्यांत चांगल्या असल्या तरी टाकून द्याव्या.

येथें माझी चूक सांगतों. एका वर्षीं मृगाचा पहिला पाऊस चांगला झाला, आणि दोन दिवसांनीं वापसा येणार म्हणून मीं संध्याकाळीं दोन्ही गाळण्या बदलल्या. इंजिन सुरू करून पाहिलें, घटकाभर उत्तम चाललें. सकाळीं मात्र तें कांहीं केल्या धरीना. मीं स्टार्टर मारीत राहिलों, तों बॅटरी बसली. गाळणीखालीं जमीन ओली होती, पण तें काल सांडलेलें डिझेल असेल असें समजून मीं तिकडे लक्ष दिलें नाहीं. मिस्त्री दुसऱ्या दिवशीं दुपारीं आला. त्यानें वाटी सोडली, गाळणीच्या डोक्याच्या खांचेंत नख घातलें, आणि जुनी रबरी कडी ओढून माझ्या हातांत दिली. ती इतकी काळी पडून खांचेला चिकटली होती कीं, मला ती लोखंडाचाच भाग वाटली, व तिच्यावरच मीं नवी कडी बसविली होती. दोन कड्या एकावर एक कधींच नीट बसत नाहींत. इंजिन चालू असतां तेथून डिझेल झिरपत होतें, आणि रात्रभर उभें राहिल्यावर त्याच वाटेनें हवा आंत शिरली. शेजाऱ्यांची पेर त्या दीड दिवसांत पुरी झाली. माझी अर्धी राहिली, व पुढच्या पावसानें ती आठवडाभर लांबली. तेव्हांपासून जुन्या कड्या मोजून हातांत आल्याशिवाय मी नव्या उघडीत नाहीं. चिकटलेली कडी काढण्यास लांकडी काडी वापरावी, पेंचकस लावूं नये. खांचेला ओरखडा पडला तर तेथून कायमचें झिरपतें.

कांहीं गाळण्या वाटीच्या नसून डब्याप्रमाणें फिरवून बसवावयाच्या असतात. त्यांच्या रबरी कडीला डिझेलचें बोट लावून हातानें घट्ट कराव्या, आणि मग डब्यावर छापलें असेल तेवढेंच अधिक फिरवावें. अशा डब्यांत आधींच डिझेल भरून ठेवण्याची पुष्कळांना संवय असते, म्हणजे हवा काढण्याचा त्रास वांचतो. हें डिझेल मधल्या मोठ्या भोकांतून ओततात, आणि तेंच चुकतें. बहुधा मधलें भोंक हें गाळून बाहेर पडणाऱ्या डिझेलचें असतें. त्यांतून ओतलेलें डिझेल न गाळतांच थेट पंपाकडे जातें. डबा कोरडा बसवावा व हातपंपानें भरावा, हेंच बरें.

आतां हवा काढण्याविषयीं. मिस्त्री लोक ‘पंपानें एअर घेतली’ असें म्हणतात तें हेंच. डिझेल दाबलें तरी फारसें आकसत नाहीं, म्हणून दट्ट्याचा जोर थेट नोझलपर्यंत पोंचतो. मध्यें हवेचा बुडबुडा असला तर दट्ट्या त्या बुडबुड्यालाच दाबीत व सोडीत बसतो आणि नोझल उघडतच नाहीं. अशा वेळीं स्टार्टर कितीही मारला तरी उपयोग नाहीं. यास्तव टाकीचा कॉक उघडून पहिल्या गाळणीच्या डोक्यावरील हवेचा स्क्रू दोन आटे सैल करावा व हातपंपाची कळ मारीत राहावें. प्रथम फेंस येईल, मग बुडबुडे, मग अखंड डिझेल. अखंड डिझेल येत असतांनाच, कळ न थांबवितां, स्क्रू आवळावा. मग दुसरी गाळणी, व शेवटीं डिझेल पंपावरील स्क्रू. क्रम टाकीकडून पंपाकडे असा असावा. उलट केल्यास मागची हवा पुढें येऊन श्रम वायां जातात. कित्येक वेळां कळ नुसतीच सैल हालते, जोर लागत नाहीं. तेव्हां पंप बिघडला असें समजूं नये. इंजिनाचा कांटा त्या पंपाला वर उचलून थांबलेला असतो. इंजिन किंचित् फिरवून पुन्हां कळ मारून पाहावी. एवढें करूनही इंजिन धरीना तर नोझलकडील नळ्यांचे नट अर्धा फेर सैल करून स्टार्टर द्यावा व डिझेल येतांच आवळावे. स्टार्टर एका वेळीं दहा-पंधरा सेकंदांहून जास्त मारूं नये, आणि मध्यें मिनिटभर तरी थांबावें.

या नळ्यांविषयीं एक इशारा जरूर आहे. नोझलकडे जाणाऱ्या डिझेलचा दाब मोटारीच्या चाकांतील हवेच्या शंभर पट किंवा त्याहूनही अधिक असतो. नळींतून बारीक फवारा उडत असेल तर तो कोठून येतो हें पाहण्यास बोट लावूं नये, पुठ्ठ्याचा तुकडा धरावा. तो फवारा कातडी भेदून आंत शिरतो. जखम टांचणी टोंचल्याएवढी दिसते, दुखत नाहीं, पण आंत मांस सडूं लागतें. असें झाल्यास घरगुती औषध न करतां त्याच तासाला इस्पितळांत जावें व डिझेल आंत गेलें आहे असें स्पष्ट सांगावें.

ज्यांच्याकडे अलीकडच्या कॉमन रेल पद्धतीच्या डिझेल गाड्या आहेत, त्यांनीं नळ्यांचे नट सैल करण्याचा वरील उपाय मुळींच करूं नये. १ जानेवारी २०२३ पासून पन्नास अश्वशक्तीवरील नव्या ट्रॅक्टरांना धुराचे कडक नियम लागू झाल्यामुळें त्यांतही ही पद्धत आलेली आहे. तेथें दाब हजार वातावरणांच्या वर असतो. गाळणी बदलतां येते, पण हवा काढणें पुस्तिकेंत सांगितलेल्या रीतीनेंच व्हावें.

पेट्रोलच्या मोटारीची गोष्ट त्याहून निराळी. डिझेल सांडलें तर सहसा लागलीच पेट घेत नाहीं. पेट्रोलची वाफ थंडींतही ठिणगीसरशी भडकते. शिवाय इंजिन बंद असलें तरी नळींत दाब शिल्लक राहतो. ज्या मोटारींत गाळणी बाहेर, चाकांमधल्या नळीवर आहे, तेथें आधीं पेट्रोल पंपाचा फ्यूज काढून इंजिन आपोआप बंद पडेपर्यंत चालवावें, मग बॅटरीचा ऋण टोंकाचा तार सोडावा, आणि नंतरच नळी सोडावी. नव्या गाळणीवर बाण असतो. त्याचें तोंड इंजिनाकडे असावें. पुष्कळ नव्या मोटारींत गाळणी टाकीच्या आंत पंपाबरोबरच बसविलेली असते. ती घरीं काढण्याच्या भरीस पडूं नये, हें माझें स्पष्ट मत आहे.

गाळणी लवकर तुंबूं नये म्हणून करावयाची तजवीज थोडकी आहे. टाकी संध्याकाळीं काम संपल्यावर भरून ठेवावी. अर्धी रिकामी टाकी रात्रीं थंड झाली म्हणजे आंतील हवेंतील दमट वाफ थेंब होऊन तळाशीं बसते. पिंप किंचित् कलतें ठेवून नुकतें आणलेलें डिझेल एक रात्र तरी स्थिर होऊं द्यावें, व तळचें चार बोटें कधीं घेऊं नये. जस्ताचा मुलामा दिलेलें पिंप किंवा बादली डिझेलला वापरूं नये, जस्त डिझेलांत उतरून गाळणी व नोझल खराब करतें. वाटीच्या तळाचा स्क्रू सकाळीं, ट्रॅक्टर हलविण्यापूर्वीं, सैल करून चमचाभर डिझेल सोडून द्यावें. पाणी असेल तर तें रात्रींतून तेथें जमलेलें सांपडतें. ट्रॅक्टर चालल्यावर तें ढवळलें जातें.

परातींतील घाण डिझेल विहिरीजवळ किंवा बांधावर ओतूं नये. एका डब्यांत ठेवून द्यावें. हंगाम संपल्यावर नांगराच्या फाळांना व पेरणीयंत्राच्या दात्यांना तें ब्रशानें चोपडलें म्हणजे पावसाळ्यांत गंज धरत नाहीं. गाळणी बदलल्याची तारीख व तासांचा आंकडा खडूनें नव्हे, रंगानें मडगार्डच्या आंतल्या बाजूस लिहून ठेवावा, आणि रबरी कड्यांचा एक जादा संच हत्यारांच्या पेटींत पडलेला असावा.