नांवाचा अर्थ कसा पारखावा ?



घरांत बाळ जन्मास आलें म्हणजे पाळणा सजण्यापूर्वींच नांवाचा खल सुरू होतो. आत्या एक नांव सुचविते, आजी दुसरें सुचविते; अखेर नांवांचें एखादें पुस्तक उघडून, त्यांतील अर्थ वाचून निकाल लागतो. बाजारांत जोंधळा घेतांनाहि आपण मूठभर हातावर घेऊन पाहतों. मग जें नांव मुलास जन्मभर वागवावयाचें, त्याचा अर्थ न पारखतां कां घ्यावा?

गेल्या वर्षीं माझ्या भाच्याचें नांव ‘आरव’ असें ठेविलें, कारण पुस्तकांत त्याचा अर्थ ‘शांत’ असा छापला होता. बारशानंतर माझ्या वडिलांनीं वामन शिवराम आपटे यांचा संस्कृत-इंग्रजी कोश काढिला. हा कोश प्रथम १८९० सालीं प्रसिद्ध झाला. त्यांत ‘आरव’ म्हणजे ध्वनि, आरडाओरड ! ‘रु’ म्हणजे आवाज करणें, या धातूपासून ‘रव’ शब्द झाला. पक्ष्यांचा ‘कलरव’ आपणांस ठाऊकच आहे. जेथें आवाज नाहीं तें ‘नीरव’. म्हणजे छापलेला अर्थ अगदीं उलट होता. ताईचा चेहरा उतरला. “बाबा, आतां नांव बदलावें काय ?” असें तिनें विचारलें. वडील म्हणाले, “नको ग. नांव गोड आहे. मात्र मोठा होऊन त्यानें अर्थ विचारला, तर त्यास खरें तेंच सांग.”

तेव्हांपासून मीं तीन प्रश्न मनाशीं धरिले आहेत.

पहिला : शब्द मूळ कोणत्या भाषेचा ? गुलाबराव, दौलतराव हीं नांवें आपणांस अस्सल मराठी वाटतात. परंतु ‘गुलाब’ हा शब्द फारसी असून ‘गुल’ म्हणजे फूल व ‘आब’ म्हणजे पाणी यांपासून झाला आहे, आणि ‘दौलत’ अरबी आहे. मोल्सवर्थ यांच्या मराठी-इंग्रजी कोशांत (१८३१, दुसरी आवृत्ति १८५७) शब्दांचें मूळ अक्षरखुणेनें दाखविलें आहे.

दुसरा : सांगितलेला अर्थ शब्दाचा, कीं त्या नांवाच्या थोर व्यक्तीच्या गुणांचा ? ‘सीता’ म्हणजे पतिव्रता, असें कोणी सांगेल. पण तो सीतादेवीचा गुण झाला. शब्दाचा अर्थ नांगराचा तास, जमिनींत उमटलेली नांगराची रेघ. जनकास ती भूमि नांगरतांना सांपडली, ही कथा येथें आठवावी.

तिसरा : अर्थ आधींचा, कीं मागाहून चिकटलेला ? ‘व्हनेसा’ या इंग्रजी नांवाचा अर्थ ‘फुलपांखरूं’ असा देतात. वास्तविक हें नांव जोनाथन स्विफ्ट या लेखकानें एस्थर व्हॅनोम्री या आपल्या स्नेही स्त्रीच्या आडनांवाचा व नांवाचा अंश जोडून बनविलें. त्याचें तें काव्य १७२६ सालीं छापलें गेलें. फुलपांखरांच्या एका जातिगणास फाब्रिसियस या शास्त्रज्ञानें तें नांव दिलें १८०७ सालीं. म्हणजे फुलपांखरूं मागाहून आलें !

कधीं कधीं कोश धुंडाळूनहि मूळ सांपडत नाहीं. तेव्हां सुंदरसा अर्थ रचून सांगण्यापेक्षां ‘ठाऊक नाहीं’ म्हणणें बरें. नांव ही वडीलधाऱ्यांनीं मुलास दिलेली पहिली देणगी होय. तिच्याबरोबर दिलेला शब्दहि खरा असावा.